कीस्टोन कॉप्स : विनोद की नुसती धावपळ?

खवचट_काका: मूकपटातले पोलीस म्हटलं की जो तो कीस्टोन कॉप्सचं नाव घेतो. विनोदी मूकपट काढणाऱ्या मॅक सेनेटने १९१२ साली लॉस एंजेलिसला कीस्टोन नावाचा स्टुडिओ काढला, एका गाडीत जमेल तितके हवालदार कोंबले, गाडी वळली की चारजण रस्त्यावर, झालं. गुन्हा काय नि चोर कोण याचं कोणालाच सोयरसुतक नाही. याउलट मूकपटातला विनोदवीर बस्टर कीटन याचा 'कॉप्स' (१९२२) बघा. पोलिसांच्या परेडमध्ये हा चुकून घोडागाडी घेऊन घुसतो, वरून कोणीतरी फेकलेला बॉम्ब नेमका याच्या शेजारी पडतो, हा पठ्ठ्या त्याच्या वातीवर सिगरेट पेटवतो आणि बॉम्ब देतो भिरकावून! चेहऱ्यावर रेघ हलत नाही. मग अख्ख्या शहराचे पोलीस मागे. याला म्हणतात क्राइम कॉमेडी.

मंदा_मावशी: अहो काका, पण त्या परेडची गंमत का येते? वर्दीची टर उडवता येते हे लोकांना आधी सेनेटनेच दाखवलं ना. 'बँगव्हिल पोलीस' (१९१३) मध्ये नटी मेबल नॉर्मंड गोठ्यात चोर शिरलेत समजून फोन करते, पोलीस धडपडत पोचतात आणि निघतं काय तर वासरू! गुन्हाच नाही हाच तर जोक आहे.

खवचट_काका: वासरू मान्य. पण बाकीच्या रिळांचं काय? एक पाहिली की दहा पाहिल्या.

रिळवाला: अर्धी मजा कॅमेऱ्याची होती हो, हँडल मुद्दाम हळू फिरवायचे म्हणजे पडद्यावर सगळं भरभर दिसायचं, पण तरी चालत्या गाडीतून पडायला माणूस लागतोच, तो काय हँडलने पडतो का.

पावभाजी_प्रेमी: तुम्ही दोघंही चॅप्लिनला विसरलात राव. 'ईझी स्ट्रीट' (१९१७) मध्ये तो स्वतःच हवालदार होतो. गल्लीतला दांडगा ताकद दाखवायला रस्त्यावरचा दिव्याचा खांब वाकवतो, चार्ली त्याचं डोकं दिव्यात खुपसून गॅस सोडतो, गडी आडवा. गरिबी, दारू, मारामारी सगळं आहे त्यात, नुसती पळापळ नाही.

मंदा_मावशी: आणि चार्ली पहिल्यांदा कॅमेऱ्यापुढे आला कुठे? कीस्टोनमध्येच, १९१४ ला!

खवचट_काका: आला, आणि वर्षभरात सोडूनही गेला. का गेला असेल?

मंदा_मावशी: पगारासाठी, काका. दुसरीकडे जास्त मिळत होता.