शाहू महाराज: गादीवरून आलेली सुधारणा किती मोठी मानायची?

महालकर: 26 जूनला शाहू जयंती आपल्या नागपुरातही जोरात होते. व्हावीच. पण आपण लोकशाहीवाले एका संस्थानिकाला एवढं डोक्यावर का घेतो? महाराजांनी हुकूम काढला, कोल्हापुरात काम झालं. इथे हुकूम काढायला होतं कोण? नागपूरचे भोसले राजे तिसरे रघूजी 1853 ला वारले आणि पुढच्याच वर्षी राज्य खालसा. तरी किसन फागूजी बनसोड्यांसारख्या इथल्या दलित कार्यकर्त्यांनी छापखाना चालवला, पत्रं काढली, मुलींना शिकवलं. गादी नाही, तिजोरी नाही. मला ते जास्त मोठं वाटतं. आणि पुरोहितांनी शूद्र ठरवून वेदमंत्रांनी विधी करायला नकार दिला, तो वेदोक्ताचा अपमान झाला नसता तर महाराज एवढे पेटले असते का?

इंदोऱ्याची लेक: काका, वेदोक्त प्रकरण 1899 चं. राग स्वतःपुरता असता तर वाड्यातले विधी वेदोक्त करून घेऊन गप्प बसता आलं असतं. 1902 चा हुकूम मात्र रिकाम्या होणाऱ्या निम्म्या जागा सगळ्याच मागास वर्गांना देणारा होता. 1894 ला त्यांनी कारभार हाती घेतला तेव्हा दरबारच्या 71 अधिकाऱ्यांत 60 ब्राह्मण होते. विनंती करून खुर्ची कोण सोडतं?

तर्रीवाला: हुकूम तर इंग्रजांचेबी होते नं. राजा गेला का हुकूम गेला. अन् 1920 मंधी क्षात्रजगद्गुरूचं, म्हंजे मराठ्यायच्या वेगळ्या धर्मगुरूचं पीठ काऊन काढलं? उतरंड मोडाची होती का आपली पायरी वर न्याची होती? याचं उत्तर कोणी देत नाही राजेहो.

इंदोऱ्याची लेक: 1917 ला प्राथमिक शिक्षण सक्तीचं केलं, मुलाला शाळेत न पाठवणाऱ्या बापाला महिना 1 रुपया दंड. शाळेत जाऊन आलेलं पोर राजा गेल्यावर पुन्हा अडाणी होतं का भाऊ?

जुनी कात्रणं: क्षात्रजगद्गुरूचा आक्षेप मलाही खटकतो, तो झाकू नये. पण त्याच वर्षी, मे अखेरीस, आपल्याच गावात अखिल भारतीय बहिष्कृत परिषद भरली. अध्यक्ष शाहू महाराज, बाबासाहेब हजर. वाद होता कायदेमंडळात अस्पृश्यांचा प्रतिनिधी निवडायचा कोणी. अस्पृश्यांसाठी काम करणाऱ्या विठ्ठल रामजी शिंद्यांच्या डिप्रेस्ड क्लासेस मिशनचं म्हणणं, ते काम कौन्सिलच्या, म्हणजे कायदेमंडळाच्याच सभासदांनी करावं. परिषदेने ते साफ फेटाळलं: आमचा माणूस दुसऱ्यांनी का निवडायचा? शिंदे काही शत्रू नव्हते, उभं आयुष्य याच कामात घातलेला माणूस. तरीही. आणि हा ठराव एका छत्रपतीच्या अध्यक्षतेखाली झाला. महालकर, याला ‘वरून आलेली सुधारणा’ कसं म्हणायचं?

महालकर: ठराव मोठाच. पण अध्यक्ष पाहुणे होते. मंडप घालणारे, वर्गणी फिरवणारे, गावोगाव निरोप देणारे इथलेच होते. त्यातल्या तिघांची तरी नावं या धाग्यावर कोणी सांगावीत. महाराजांचं नाव सगळ्यांना पाठ आहे, माझी तक्रार एवढीच आहे.

तर्रीवाला: तिघं? मले तर एकबी नाही येत.