मदत हवी आहे : सातवीच्या वर्गातली न दिसणारी दादागिरी

नमस्कार मंडळी. ऐरोलीतल्या एका शाळेत मी सातवीला विज्ञान शिकवते. वर्गात एक मुलगा आहे. हुशार आहे, शिवीगाळ नाही, मारामारी तर नाहीच. पण प्रश्न विचारला की बाकीची मुलं आधी त्याच्याकडे बघतात. प्रयोगाच्या वेळी लिटमस कागद कायम याच्या हातात, निरीक्षणं लिहायची दुसऱ्यांनी. परवा एका मुलीने बरोबर उत्तर दिलं, हा नुसता गालात हसला आणि तिने लगेच उत्तर फिरवलं. आता याची तक्रार तरी काय म्हणून लिहायची?

शिक्षण हक्क कायदा, २००९ च्या कलम १७ ने मारण्याबरोबर मानसिक छळालाही बंदी आहे, आणि चारचौघांत पाणउतारा करणं मला तसंही पटत नाही. स्टाफरूममधला सल्ला : मॉनिटर करून टाका. म्हणजे माकडाच्या हाती कोलीत!

गटातली कामं दर तासाला फिरवणं, आधी सगळ्यांनी वहीत उत्तर लिहून मगच बोलणं, चिठ्ठी काढून नाव घेणं, यातलं कोणी सातत्याने केलंय का? ३५ मिनिटांच्या तासात बसतं का? आणि त्याच्या आईबाबांना तो ‘लीडर’ वाटतो; त्यांच्याशी विषय काढायचा कसा?