शुक्रवारपर्यंत शिक्षकांचा आवाज बसतो. वेळापत्रकात काय बदलता येईल?

खडूफळा:
दिवसाला सहा तासिका आणि मोठा वर्ग असला की सोमवारचा मोकळा आवाज शुक्रवारी घोगरा होतो. शिक्षकांनी काय करावं आणि मुख्याध्यापकाच्या हातात काय आहे? गरम पाणी, मध यांपलीकडचं सांगा.

स्वरयंत्र:
बोलताना स्वरतंतू सेकंदाला शंभराहून जास्त वेळा एकमेकांवर आपटतात. ओरडताना हा मार वाढतो, सूज येते. रोजचंच झालं की तिथे गाठी धरतात. गोंगाटात आवाज नकळत चढतोच, त्यामुळे नुसतं ‘हळू बोला’ सांगून भागत नाही.

पहिल्या तासिकेआधी आणि मधल्या सुट्टीत ३ ते ५ मिनिटं हे करा: पेल्यातल्या पाण्यात स्ट्रॉचं टोक २-३ सेंटिमीटर बुडवायचं, ‘ऊ’ म्हणत बुडबुडे काढायचे, सूर सावकाश खालून वर न्यायचा. मानेच्या शिरा ताणल्या तर जोर जास्त होतोय. नुसती हवा गेली, आवाज निघाला नाही, तर व्यायाम वाया.

खाकरणं टाळा, त्याऐवजी पाण्याचा घोट घ्या. आवाज बसल्यावर कुजबुजूही नका, अनेकांचा घसा त्याने आणखी आवळतो.

मधलीसुट्टी:
माझ्या मते खरं दुखणं ऑफ तासिकांचं आहे. ज्याची तासिका रिकामी, त्याच्याच गळ्यात बदलीचा वर्ग पडतो आणि घशाची एकमेव विश्रांती जाते. बदलीची वही ठेवा, पाळी लावा. सलग दोन तासिका बोलण्याच्या झाल्या की तिसरीत लेखन किंवा गटकाम ठेवा. मैदानावर शिट्टी द्या. तिथे आवाज परतवायला भिंती नसतात.

कमरेचा छोटा स्पीकर घेतलात तर माइक ओठांच्या कोपऱ्याशी ठेवा. अगदी समोर धरला की ‘प’, ‘फ’ फुटतात, स्पीकरजवळ गेला की शिटी वाजते. आणि माइक लावूनही ओरडणारे असतात! समोरासमोर गप्पा मारतो तेवढाच आवाज लावायचा.

खडूफळा:
घसा बधिर करणाऱ्या गोळ्या चालतील?

स्वरयंत्र:
शिकवताना नकोत. दुखणं कळत नाही आणि ताण वाढतो. घोगरेपणा तीन आठवडे टिकला तर कान-नाक-घसा तज्ज्ञांकडून स्वरयंत्र तपासून घ्या. रक्त पडलं, गिळायला त्रास झाला, मानेत गाठ लागली किंवा धाप लागली तर थांबूच नका. स्वरतंतूंवरच्या गाठींवर बहुधा आधी आवाजाचे उपचार करतात, लगेच शस्त्रक्रिया नाही. उपचारांच्या आठवड्यांत मुख्याध्यापकांनी त्या शिक्षकाला पेपर तपासणी, नोंदी अशी न बोलण्याची कामं द्यावीत.