मदत हवी आहे: एल्विरा नोतारींचा मूकपट दाखवायचाय, गाण्यांचं काय करावं?

नमस्कार मंडळी,

आम्ही पंचवीसेक जण महिन्यातून एकदा जमून जुना चित्रपट बघतो. पुढची निवड माझी आहे आणि मी एल्विरा नोतारींचा 'आ सांतानोत्ते' (१९२२) ठरवलाय.

इटलीतल्या या पहिल्या स्त्री-दिग्दर्शक. जन्म १८७५ चा, सालेर्नोचा. नेपल्समध्ये नवऱ्याबरोबर 'डोरा फिल्म' ही घरचीच कंपनी चालवली. नवरा निकोला कॅमेऱ्यामागे, मुलगा एदुआर्दो 'जेन्नारिएल्लो' या नावाने पडद्यावर, आणि कथा-दिग्दर्शन बाईंचं. साठेक मोठे चित्रपट केले, त्यातले आज तीनच हाती आहेत. याचं मला फार वाईट वाटतं. न्यूयॉर्कला गेलेले नेपल्सकर हे चित्रपट बघायला गर्दी करायचे. पण मुसोलिनीच्या राजवटीला शहरातलं दारिद्र्य आणि तिथली बोली पडद्यावर नको होती. सेन्सॉरचा जाच वाढला, वर बोलपट आले, आणि १९३० च्या सुमारास सगळं थांबलं.

आता अडचण. बाईंचे बरेच चित्रपट नेपल्सच्या लोकप्रिय गाण्यांवर बेतलेले असत आणि थिएटरात ती गाणी पडद्याशेजारी प्रत्यक्ष गायली जात. हा चित्रपटही त्याच नावाच्या गाण्यावरचा. मी घरी आवाजाशिवाय बघितला, तेव्हा दारुडा बाप मुलीला मारतो तो प्रसंगसुद्धा नुसता हातवारे वाटला. मग नेपल्सची जुनी गाणी लावून पुन्हा बघितला, तर तिथेच घसा दाटून आला. म्हणून गाण्याशिवाय दाखवायचा नाही, हे नक्की.

एक मैत्रीण गाते, एक मित्र अ‍ॅकॉर्डियन वाजवतो. मूकपटाला प्रत्यक्ष साथ केलेलं कुणी इथे आहे का? गाणं नेमकं कुठे सुरू करायचं, हे पडद्यावर मधेमधे येणाऱ्या मजकुराच्या पाट्या बघून ठरवता की प्रसंग बघून? गाणी मूळ नेपोलितानमध्येच, म्हणजे नेपल्सच्या बोलीतच गाऊन मराठी अर्थ कागदावर वाटावा, असं मला वाटतं. पण अंधारात कागद कोण वाचणार? पाट्यांचा अर्थ कुणीतरी मोठ्याने वाचला तर गाण्याचा रसभंग होईल का?

आणखी एक. माझ्याकडच्या प्रतीत माणसं पळत असल्यासारखी दिसतात. वेग कमी करून सेकंदाला १८ फ्रेम्सवर (चित्रांवर) आणला तर चालेल ना? लॅपटॉपवर हे कसं करतात, तेही सांगा.

तालमीला तीनच आठवडे आहेत, त्यामुळे जरा लवकर कळवलंत तर फार बरं होईल.