मदत हवी आहे : जडसन आणि मुंबईचे मिशनरी यांच्यातील पत्रव्यवहार

नमस्कार. १८१३ साली ब्रह्मदेशात (आजच्या म्यानमारमध्ये) रंगूनला पोहोचून ब्रह्मी भाषेत संपूर्ण बायबल आणणारे अमेरिकन मिशनरी अडोनिराम जडसन यांच्यावर मी मराठीत दीर्घ लेख लिहीत आहे. १८२४ मध्ये इंग्रज-ब्रह्मी युद्ध सुरू झाल्यावर त्यांना आवा या तेव्हाच्या ब्रह्मी राजधानीत कैदेत टाकण्यात आले, तेव्हा नव्या कराराच्या (बायबलच्या दुसऱ्या भागाच्या) भाषांतराचे हस्तलिखित पत्नी ॲन यांनी उशीत शिवून तुरुंगात त्यांच्याजवळ पोहोचवले. हा प्रसंग बहुतेक चरित्रांत येतो. मला मात्र त्याहून मोलाचा वाटतो तो आपल्याकडचा धागा : फेब्रुवारी १८१२ मध्ये अमेरिकेतील सेलम येथे जडसन यांच्याबरोबरच मिशनरी म्हणून दीक्षा घेतलेले गॉर्डन हॉल आणि सॅम्युएल नॉट पुढच्याच वर्षी मुंबईत आले आणि त्यांच्यापासून अमेरिकन मराठी मिशनची सुरुवात झाली.

हॉल १८२६ मध्ये वारले. तोवर या सोबत्यांमध्ये झालेला पत्रव्यवहार कोणत्या संग्रहात पाहता येईल? तसेच जडसन १८५० मध्ये समुद्रप्रवासात निवर्तले, त्या सुमाराच्या 'ज्ञानोदय' या मिशनच्या मराठी नियतकालिकाच्या फायली मुंबई, पुणे किंवा अहमदनगर येथे अभ्यासकांना कोठे उपलब्ध होतात, हे जाणकारांनी कृपया कळवावे. ब्रह्मी स्थळनामांचे देवनागरी लेखन तपासून देणारे कोणी असल्यास तेही हवेच आहे.