‘ऑथॉरिटेरियन’ माणसाला मराठीत काय म्हणावं?

अडकित्ता :
मानसशास्त्राच्या एका पाठ्यपुस्तकाचं मराठीकरण करते आहे आणि एका संज्ञेवर गाडी अडली आहे. ‘ऑथॉरिटेरियन पर्सनॅलिटी’ला पहिल्या खर्ड्यात मी ‘हुकूमशाही व्यक्तिमत्त्व’ लिहिलं होतं. संपादकबाईंनी समासात नुसतं ‘हिटलर?’ लिहून कागद परत पाठवला. त्यांचं बरोबर आहे. ही संज्ञा हुकूमशहाबद्दल नाहीच. त्याला डोक्यावर घेऊन नाचणाऱ्यांबद्दल आहे.

ज्यांचा हा विषय नाही त्यांच्यासाठी थोडक्यात सांगते. १९५० साली याच नावाचा जवळपास हजार पानांचा ग्रंथ अमेरिकेत निघाला. लेखक चार : थिओडोर आडोर्नो, एल्झ फ्रेंकेल-ब्रुन्स्विक, डॅनियल लेव्हिन्सन आणि नेव्हिट सॅनफर्ड. पहिली दोघं नाझींमुळे परागंदा झालेली. त्यांना पडलेला प्रश्न असा, की चारचौघांसारखा संसार करणारी माणसं फॅसिस्ट प्रचाराला भुलतात, ती कशामुळे? मग त्यांनी विधानांची एक यादी केली, लोकांना ‘पटतं की नाही’ विचारलं आणि गुण दिले. हीच ती ‘एफ-मापनी’. एफ म्हणजे फॅसिझम.

शब्दकोशात पाहून सुचवू नका, ते माझं करून झालंय. वाक्यात घालून दाखवा.

निगडीकर :
‘प्राधिकारवादी’ सुचवणारा कोणीतरी येईलच, म्हणून आधीच सांगून ठेवतो. आमच्याकडे ‘प्राधिकारवादी’ म्हणजे प्राधिकरणात प्लॉट मिळावा म्हणून वाद घालणारा माणूस.

तिरफळ :
‘अधिकारवादी’चंही तेच. ‘अधिकार’ या आपल्या शब्दात दोन माणसं एकाच खोलीत राहतात. एक साहेब, दुसरा अर्जदार. ‘अधिकारी’, ‘अधिकारवाणी’ इथे साहेब बोलतो. ‘माहितीचा अधिकार’, ‘मताधिकार’ इथे अर्जदार. आणि ‘मानवाधिकारवादी’ हा शब्द तर वर्तमानपत्रात रोज येतो. तेव्हा ‘अधिकारवादी व्यक्तिमत्त्व’ वाचून विद्यार्थ्याला हक्कांसाठी भांडणारा माणूस वाटला तर त्याला शून्य गुण देता येणार नाहीत. मी पस्तीस वर्षं पेपर तपासलेत, म्हणून सांगतो.

बाकी ‘हुकमी’ म्हणायचीही सोय नाही. हुकमी एक्का, हुकमी उपाय. तिथे अर्थ ‘हमखास’ असा होतो.

अडकित्ता :
काका, ‘अधिकारवाणी’वरून आठवलं, पुढच्याच प्रकरणात मानसशास्त्रज्ञ डायना बॉमरिंड आहेत. १९६०च्या दशकात त्यांनी पालकांच्या तऱ्हा मांडल्या, त्यात ‘ऑथॉरिटेटिव्ह’ पालक चांगले आणि ‘ऑथॉरिटेरियन’ पालक नकोसे. इंग्रजीत शेपटीचा फरक, अर्थ मात्र दोन टोकांना. मराठीत दोन्हींना ‘अधिकार’ लावला तर पालकसभेत गोंधळ उडेल. पहिल्यासाठी मी ‘समजावून धाक ठेवणारे’ असं सरळ लिहून टाकलंय.

निगडीकर :
मूळ प्रश्नाला माझं उत्तर : अरेराव. खालच्याला ‘अरे’, वरच्याला ‘राव’. दोन्ही बाजू आल्या. (ही व्युत्पत्ती नाही, गंमत आहे. काका, लाल पेन खाली ठेवा.)

मोरावळा :
गमतीत म्हणालात, पण नेमक्या जागी बोट ठेवलंत. मी हँबुर्गला असते. इथे अशा माणसाला बोलीत ‘राडफारर’ म्हणतात, म्हणजे सायकलस्वार. वर पाठ वाकवायची आणि खाली लाथा मारायच्या. आडोर्नोनेही या शब्दाची आठवण काढली आहे. सायकलवरचा माणूस डोळ्यांपुढे आणा, पाठीचा बाक आणि पायांचा जोर एकाच वेळी दिसतो. वाकणारा एक आणि लाथा मारणारा दुसरा, असं नाही.

मराठीत मला अडचण दिसते ती इथे. वाकणाऱ्यासाठी आपल्याकडे शब्दांची रास आहे : होयबा, हुजऱ्या, नंदीबैल, लाळघोट्या, सत्ताशरण. लाथा मारणाऱ्यासाठीही आहे : अरेराव, दांडगट, मुजोर, जुलमी. पण दोघं एकच आहेत हे सांगणारा शब्द आठवत नाही.

आणि वाकण्याच्या यादीतला एकही शब्द इथे चालणार नाही. होयबा मनातून हसत असतो. लाळघोट्याला बढती हवी असते. हुजऱ्या पगारी असतो. एफ-मापनीवर वरचे गुण मिळवणारा माणूस मात्र फायद्यासाठी वाकत नाही, मनापासून वाकतो. वरच्यांनी सांगितलं म्हणजे ते योग्यच, हे त्याला खरोखर वाटतं. ज्यानं ते मानलं नाही त्याला शिक्षा झालीच पाहिजे, हेही तितकंच खरोखर वाटतं.

तिरफळ :
म्हणजे ‘बाबा वाक्यं प्रमाणम्’, आणि वर हातात छडी.

वाढं :
आमच्या बीडकडं या माणसाला नाव आहे. मुकादम, ऊसतोडीची टोळी चालवणारा. साखर कारखान्याकडून उचल घेताना शेतकी अधिकाऱ्यापुढं ‘जी साहेब, जी साहेब’, आणि टोळीत कोयता चालवणाऱ्या जोडप्याला एक दिवसाचा खाडा झाला की दंड. बाई आजारी असली तरी. मुंबईच्या गिरणीतला जॉबर, म्हणजे कामगारांवरचा मुकादम, तसलाच, असं आज्याकडून ऐकलंय. ‘मुकादमी वृत्ती’ म्हणा. गावात कुणालाही फोड करून सांगावी लागणार नाही.

अडकित्ता :
‘मुकादमी वृत्ती’ वाचून मी खुर्चीतून उठलेच होते. मग पुन्हा बसले. मुकादम तसा वागतो तो जागेमुळे. वरून उचल, खालून काम, मध्ये तो. त्या जागेवर मला बसवलं तर मीही तशीच वागेन. या प्रकरणाचा दावा उलटा आहे : काही माणसं जागा कोणतीही असो, तशीच असतात.

वाढं :
ताई, पण दावा खरा आहे का? आमच्या टोळीतला एकजण गडी होता तोवर सगळ्यात गरीब. मुकादम झाला आणि दोन हंगामात पार बदलला. स्वभाव बिभाव काय नसतं, जागाच माणूस घडवती.

मोरावळा :
हे भांडण मानसशास्त्रात खूप जुनं आहे. स्टॅन्ली मिलग्रॅमनी १९६१ मध्ये येल विद्यापीठात सुरू केलेले प्रयोग तुमच्या बाजूचे. समोरच्याला विजेचे झटके द्यायचे (खोटे, पण देणाऱ्याला ते माहीत नव्हतं) आणि करड्या कोटातला माणूस शांतपणे म्हणणार, पुढे चला. छापून आलेल्या पहिल्या प्रयोगात ४० पैकी २६ जण ४५० व्होल्टच्या शेवटच्या बटणापर्यंत गेले. रस्त्यावरची साधी माणसं. जागेनं घडवलेली.

पण नंतर मिलग्रॅम आणि अॅलन एल्म्स यांनी शेवटपर्यंत गेलेले आणि मध्येच उठून गेलेले यांना पुन्हा बोलावून तपासलं, तेव्हा शेवटपर्यंत गेलेल्यांचे एफ-मापनीवरचे गुण जास्त निघाले. तेव्हा जागाही आणि स्वभावही. मुकादम हा शब्द जागेचा आहे. आपल्याला स्वभावाचा हवा.

वाढं :
बरं. पण शब्द आमचा चांगला होता.

अडकित्ता :
चांगलाच होता. पुस्तकात उदाहरण म्हणून येणार आहे तो.

तिरफळ :
‘हुकूमशाही’ का खटकतं, हे आता मला कळलं. ‘शाही’ हा प्रत्यय आपण राज्यपद्धतीला लावतो किंवा कारभाराला : लोकशाही, नोकरशाही, झुंडशाही, घराणेशाही. स्वभावाला तो चिकटत नाही. ‘चिडशाही माणूस’ कोणी म्हणत नाही. स्वभावासाठी आपण ‘-खोर’ म्हणतो, ‘-बाज’ म्हणतो, ‘-प्रिय’ म्हणतो. भांडखोर, दगाबाज, शिस्तप्रिय.

अडकित्ता :
काका, थांबा. शिस्तप्रिय… हुकूमप्रिय?

निगडीकर :
अरबी हुकूम, संस्कृत प्रिय. भाषाशुद्धीवाले येतायत.

तिरफळ :
येऊ देत. ‘शिस्त’ तरी कुठली हो, फारशीतलीच. ‘शिस्तप्रिय’ शाळेच्या दाखल्यांवर पिढ्यान्‌पिढ्या चालला, तर ‘हुकूमप्रिय’ला कोण अडवणार? शिवाय हुकूम ज्याला प्रिय, त्याला तो सोडायला आवडतो की झेलायला, हे शब्द सांगत नाही. एरवी मी याला संदिग्धपणा म्हणून दोन गुण कापले असते. इथे दोन वाढवून देतो.

मोरावळा :
मला पटला. उलट त्यामुळे आणखी एक गुंता सुटतो. १९९४ मध्ये फेलिशिया प्रॅटो, जिम सिडेनियस आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी दुसरीच एक वृत्ती मोजायला घेतली. ज्यांना एक गट वर आणि एक गट खाली असणंच योग्य वाटतं, ती माणसं. यांना वाकण्याची हौस नसते, वरचढ राहण्याची असते. त्यांना ‘वर्चस्वप्रिय’ म्हणता येईल. हुकूमप्रिय आणि वर्चस्वप्रिय शेजारी ठेवले की फरक कानालाच कळतो. पहिल्याला जग धोकादायक वाटतं, दुसऱ्याला जग म्हणजे कुस्तीचा आखाडा वाटतो.

अडकित्ता :
छान. आता यातलीच पोटसंज्ञा. एफ-मापनीत मुळात नऊ लक्षणं होती आणि त्यांची मोट फार सैल होती. कॅनडातल्या मॅनिटोबा विद्यापीठाच्या बॉब अल्टमायर यांनी १९८१ मध्ये त्यातली टिकणारी तीनच ठेवली. ती मी अशी लिहिली आहेत : वरच्यांपुढे शरणभाव, त्यांच्या आशीर्वादानं इतरांवर आक्रमकता, आणि रूढीचा आग्रह. अडचण त्यांनी दिलेल्या नावात आहे. ते याला ‘राइट-विंग’ म्हणत.

निगडीकर :
म्हणजे उजवे. झालं, धागा पेटणार. ‘अंधभक्त’ हा शब्द घेऊन कोणी आलं की मला हाक मारा.

मोरावळा :
पेटायला नको, कारण अल्टमायर यांना पक्ष अभिप्रेतच नाही. त्यांचं ‘राइट’ म्हणजे रुळलेली, प्रस्थापित, ‘रीतसर’ सत्ता. ती कोणत्या रंगाची आहे याचा संबंध नाही. सोव्हिएत संघ कोसळत होता तेव्हा मॅकफार्लंड, अगेयेव आणि अबालाकिना यांनी तिथे हीच मापनी लावली, तर वरचे गुण मिळवणारे जुन्या कम्युनिस्ट व्यवस्थेचे पाठीराखे निघाले. भांडवलशाहीला नाकं मुरडणारे! ‘उजवे’ लिहिलंत तर हे वाक्य मराठीत भाषांतरितच होणार नाही. ‘प्रस्थापितनिष्ठ’ लिहा. आणि ‘अंधभक्त’ नकोच. ती शिवी आहे, आणि शिवी नेहमी समोरच्या पक्षालाच लागते.

तिरफळ :
माझी एक शंका. हा स्वभाव येतो कुठून, याचं उत्तर त्या हजार पानांत काय दिलंय? आमच्याकडे दोन वाक्यांत सांगतात. सासुरवास सोसलेली सून पुढे तशीच सासू होते. आणि वड्याचं तेल वांग्यावर काढतात.

मोरावळा :
काका, तुम्ही आडोर्नोमंडळींचा सिद्धान्त स्वयंपाकघरात आणून ठेवलात. त्यांचं म्हणणं जवळजवळ हेच : घरात कडक शिस्त, बापाचा राग आलेला पण बोलता येत नाही, बापावर तर श्रद्धा ठेवायची. मग तो राग दुर्बळांवर निघतो. फ्रॉइडची छाप उघड आहे. पण हा भाग पुराव्यात लंगडा पडला. अल्टमायर यांनी तो सोडूनच दिला. त्यांच्या मते हे वळण पौगंडावस्थेत, आजूबाजूचं पाहून आणि स्वतःच्या अनुभवातून लागतं. कॅरेन स्टेनर यांनी २००५ मध्ये आणखी वेगळं मांडलं. त्यांच्या मते ही वृत्ती एरवी झोपलेली असते आणि ‘आपल्यात आता एकमत राहिलं नाही’ असं वाटलं की जागी होते.

अडकित्ता :
‘वड्याचं तेल वांग्यावर’ मात्र मी ठेवणार. विस्थापनाची, म्हणजे एकावरचा राग दुसऱ्यावर काढण्याची, इतकी खमंग व्याख्या दुसरी सापडणार नाही.

आता शेवटचं, आणि हे खरं अवघड निघालं. एफ-मापनीतलं एक विधान साधारण असं आहे : आज्ञापालन आणि ‘ऑथॉरिटी’चा मान हे मुलांनी शिकायचे सर्वांत महत्त्वाचे गुण आहेत. इथे ‘ऑथॉरिटी’ला काय लिहू? ‘वडीलधारे’ लिहिलं तर महाराष्ट्रात ‘नाही’ कोण म्हणणार? ‘वरिष्ठ’ लिहिलं तर ऑफिस डोळ्यांपुढे येतं आणि निम्मे लोक नाक मुरडतात. एका शब्दानं माणसाचा स्वभाव बदलतो की काय!

तिरफळ :
आणि ‘आज्ञाधारक’ या शब्दाचं काय कराल? रजेच्या अर्जाखाली ‘आपला आज्ञाधारक विद्यार्थी’ अशी सही करून आपण सगळे मोठे झालो. इंग्रजीत तो शब्द कदाचित तपासणीचा असेल, मराठीत तो कौतुकाचा आहे. मापनी लावण्यापूर्वीच भाषेनं पाच गुण देऊन ठेवलेत.

मोरावळा :
मूळ मापनीवरचा सर्वांत मोठा आक्षेपही याच्याच जवळचा आहे. सगळी विधानं एकाच दिशेची होती. ज्याला कशालाही ‘हो’ म्हणायची खोड आहे, तो आपोआप फॅसिस्ट ठरायचा. १९५४ पर्यंत हे लोकांच्या लक्षात आलं होतं. अल्टमायर यांनी म्हणूनच निम्मी विधानं उलटी घातली. तुम्ही दोन्ही रूपं, ‘वडीलधारे’ आणि ‘वरिष्ठ’, थोड्या लोकांवर तपासून पाहा.

अडकित्ता :
तपासायला लांब कशाला जाऊ, घरीच सुरुवात केली. सासऱ्यांना ‘वडीलधारे’वालं वाचून दाखवलं. म्हणाले, अगदी बरोबर. तासाभरानं ‘वरिष्ठ’वालं. थोडे थांबले, म्हणाले, वरिष्ठांचं काही सांगू नये, माझी तीस वर्षं त्यात गेली. मला आनंद झाला, फरक पडतोय! तेवढ्यात त्यांनी विचारलं, “हे काढलंय कुणी?” म्हटलं, विद्यापीठात लावतात हे पुस्तक. चष्मा सारखा करत म्हणाले, “मग लिही, बरोबर.”