मदत हवी आहे : व्हिएतनाममधली सायकल टूर, आईला नेऊ का?

मुक्ता_सांगली | सोमवार, रात्री ९:१०
तातडीने उत्तर हवं आहे. आई आणि मी, दोघीच व्हिएतनामला निघालोय. तिथे गाइडबरोबर सायकलवरून शहराच्या आडबाजूच्या वस्त्या दाखवणारी चार तासांची टूर आहे. देवळं, म्युझियम सगळेच बघतात. मला लोक राहतात ते बोळ, मळे, बाजार बघायचे आहेत, त्यामुळे ही टूर करायचीच आहे. प्रश्न एवढाच की आईला झेपेल का? वाटेत पूल आहे आणि फोटोत तो फारच अरुंद दिसतोय. सवलतीचा दर उद्या दुपारपर्यंतच आहे. ज्यांनी केली आहे त्यांनी प्लीज लगेच सांगा.

चक्रधर | रात्री ९:२२
शहर कुठलं? महिना कुठला? आईंचं वय काय, सायकल येते का? एवढं कळल्याशिवाय कोण काय सांगणार?

नीलमोहर | रात्री ९:३१
बिनधास्त न्या! आम्ही सासूबाईंना नेलं होतं, त्या तेव्हा ६८ वर्षांच्या होत्या. सगळा सपाट रस्ता, दोन्ही बाजूंना भातशेती. त्रा क्वे नावाच्या गावात भाजीचे वाफे आहेत, तिथे झारीने पाणी घालायला देतात. सासूबाई वाफ्यातून हलायलाच तयार नव्हत्या. नावेतून पलीकडच्या काम किम बेटावरही जाता येतं.

चक्रधर | रात्री ९:३४
नीलमोहर, ते होई आन झालं. धागाकर्ती पुलाबद्दल विचारतेय.

रानवाटा | रात्री ९:५०
सायगाव असेल तर थान दा बघा. नदीच्या वळणात अडकलेला भाग आहे, शहराच्या मधोमध असून खेडं वाटतं. चो लॉनच्या चिनी वस्तीत मात्र दिवसा सायकल घालू नका, पहाटे जा. आणि ह्युए असेल तर थुय बिएउ, पपनसांच्या बागांचं गाव. माझं मत विचाराल तर टूर घेऊच नका. गाइड ठरलेल्या चार दुकानांत नेतो आणि त्यालाच 'लोकल' म्हणतो. सायकल भाड्याने घ्या, मोबाइलवर नकाशा लावा आणि निघा. आम्ही दोघं कायम असंच फिरतो.

मुक्ता_सांगली | रात्री १०:०५
सॉरी, हनोई. लिहिलं असं वाटलं होतं. पूल म्हणजे लाँग बिएन. तिथून नदीतल्या बेटावर उतरतात, मग परत येऊन फुक तान आणि न्गॉक हा या वस्त्या. नोव्हेंबरचा तिसरा आठवडा.

सध्या_हनोईत | रात्री १०:४०
मुक्ताताई, कामानिमित्त दोन वर्षं इथे आहे. याच वाटेने बऱ्याचदा सायकल मारली आहे, म्हणून सविस्तर लिहितो.

पूल साधारण २.४ किलोमीटरचा. मधून रेल्वेचा एकेरी रूळ, दोन्ही अंगांना एकेक अरुंद पट्टा. त्यावर फक्त मोटारसायकली आणि सायकली, गाड्या-ट्रक नाहीत. कडेने सिमेंटच्या लाद्यांची पायवाट. लाद्यांच्या फटीतून खाली पाणी दिसतं, घाबरणाऱ्या माणसाने तिथे खाली बघू नये. मोटारसायकली अगदी हँडलला हँडल लावून जातात, पण वेग कमी असतो. एक गोष्ट तुमच्या आईंना सोयीची आहे. सगळ्या व्हिएतनाममध्ये वाहनं उजवीकडून चालतात, या पुलावर मात्र डावीकडून, म्हणजे आपल्यासारखी.

माझ्या मते खरी अडचण पुलाच्या मध्यावर आहे. बेटावर उतरायची वाट चांगलीच उताराची आहे. मी स्वतः तिथे सायकलवरून उतरतो आणि ब्रेक दाबत चालत जातो. परत येताना तोच चढ. आईंच्या गुडघ्यांचं काय?

खाली उतरलात की केळीच्या बागा, मका, पालेभाज्यांचे तुकडे आणि मातीची पाऊलवाट. शहराचा आवाज एकदम मागे पडतो. नदीकाठाला पिंपांवर तरंगणारी घरंही आहेत, तिथे फोटो काढण्याआधी विचारा. सप्टेंबर २०२४ मध्ये यागी वादळानंतर लाल नदीला पूर आला आणि हे बेट पाण्याखाली गेलं होतं. तिथल्या माणसांशी बोलायला मिळालं तर पुराची गोष्ट निघतेच.

मुक्ता_सांगली | रात्री १०:५५
पुराचं वाचून आईला लगेच वाचून दाखवलं. २०१९ ला आमच्या घरात पाणी होतं. ती म्हणाली, मग त्या लोकांना भेटायचंच.

वय ६३. निवृत्त शिक्षिका. सांगलीहून हरिपूरला बावीस वर्षं सायकलवरून शाळेत गेली, म्हणून 'सायकल येते का' हा प्रश्न मला सुचलाच नव्हता. पण शेवटची चालवली त्याला चौदा वर्षं झाली. उजवा गुडघा जिना चढताना दुखतो, सपाटीवर नाही.

चक्रधर | रात्री ११:०२
हे पहिल्याच पोस्टमध्ये हवं होतं ताई. चौदा वर्षं! उद्या दुपारची सवलत विसरा.

रानवाटा | रात्री ११:१५
हनोईतही माझं मत तेच. ऑगस्ट २०२३ पासून सार्वजनिक सायकली आहेत, ॲपवर मिळतात. आपल्या वेगाने जाता येतं, दमलात की थांबा, कोणी घाई करत नाही. आईसाठी उलट हेच बरं.

सध्या_हनोईत | रात्री ११:२८
रानवाटा, तुम्ही दोघं सराईत आहात. ६३ वर्षांच्या बाईंना हनोईच्या चौकात एकटं सोडणं मला पटत नाही. गाइड दुकानं दाखवायला लागत नाही, रस्ता ओलांडायला लागतो. एक पुढे आणि एक शेवटी असे दोघं असले की मोटारसायकलींचा लोंढा ते स्वतःच्या अंगावर घेतात. आपण फक्त एकाच संथ गतीने जायचं, मध्येच थबकायचं नाही. आपण थबकलो की मागच्याचा अंदाज चुकतो.

आणि फुक तानमध्ये गाइडशिवाय काय दिसणार? बंधाऱ्याच्या भिंतीमागे, नदीच्या बाजूला ही वस्ती आहे. काठावर कचरा टाकत असत, तिथे २०२० साली चित्रकारांनी टाकाऊ वस्तूंपासून कलाकृती उभ्या केल्या. त्यात वस्तीच्याच आठवणी आहेत, त्या कोणीतरी सांगाव्या लागतात. न्गॉक हाचंही तसंच. पूर्वी फुलं पिकवणारं गाव, आता इतके चिंचोळे बोळ की समोरून मोटारसायकल आली तर भिंतीला चिकटावं लागतं. त्या बोळांतून अचानक एक छोटं तळं लागतं, हू तिएप. त्यात २७ डिसेंबर १९७२ च्या रात्री पाडलेल्या अमेरिकन बी-५२ विमानाचे अवशेष अजून पाण्यात आहेत. चारी बाजूंना घरं, वाळत घातलेले कपडे, आणि मधे ते लोखंड. एकट्याने गेलो तेव्हा मला ते तळं सापडायला पाऊण तास लागला होता.

रानवाटा | रात्री ११:४१
पाऊण तास भटकलात म्हणूनच तुम्हाला ते बोळ माहीत झाले ना? माझा मुद्दा तोच आहे. पण रस्ता ओलांडण्याचं म्हणता ते मान्य.

अरुणोदय | मंगळवार, सकाळी ७:०५
हा पूल आयफेलने बांधला. आईंना आवर्जून सांगा.

इतिहासवेडा | सकाळी ७:४८
नाही, ही फार पसरलेली चूक आहे. डेदे आणि पिये या पॅरिसच्या कंपनीने बांधला, १८९९ ते १९०२. पुलावर त्यांच्या नावाची लोखंडी पाटी आहे, गाइडला दाखवायला सांगा. फ्रेंच गव्हर्नर जनरल पॉल डूमेरचं नाव दिलेलं होतं. १९६७ आणि १९७२ मध्ये अमेरिकन बॉम्बफेकीत गाळे कोसळले. म्हणून आज दुरून बघितलं तर काही गाळे उंच कमानदार आणि मधले बसके दिसतात. जे पडले ते साधे बांधून पूल चालू ठेवला.

श्रीमंत_योगी_भक्त | सकाळी ८:२०
अवांतर : हनोईत छत्रपती शिवाजी महाराजांचा पुतळा आहे असं वाचलं होतं. या टूरमध्ये दाखवतात का?

सध्या_हनोईत | सकाळी ८:३३
दादा, तो मजकूर मलाही दर वर्षी येतो. दोन वर्षांत असा पुतळा मी कुठे पाहिला नाही, इथल्या सहकाऱ्यांना विचारलं तर त्यांनाही माहीत नाही. कृपया पुढे पाठवू नका.

प्रवासी_काका | सकाळी ९:००
ई-व्हिसा वेळेत काढा. एकदाच प्रवेशाचा २५ डॉलर, अनेकदाचा ५०, मुदत ९० दिवसांपर्यंत. नाव पासपोर्टवर आहे तसंच हवं. शाकाहारी असाल तर 'आन चाय' म्हणा. पण नुसत्या भाज्या मागितल्या तर त्यात नुओक माम, म्हणजे माशाचा सॉस असू शकतो.

मुक्ता_सांगली | सकाळी ९:१०
काका, धन्यवाद, पण व्हिसा झालाय. दुपारपर्यंत ठरवायचंय. पूल करू की नको?

गुडघेतज्ज्ञ_नाही_फिजिओ | सकाळी ९:४०
जिन्यावर दुखणं आणि सायकल यांचा थेट हिशेब लावता येत नाही. सीट खूप खाली असेल तर गुडघा जास्त वाकतो आणि दुखतो. पण पाय जमिनीला टेकत नसतील तर आई घाबरतील. म्हणजे मधली उंची शोधावी लागेल आणि ती तिथे पाच मिनिटांत सापडत नाही. आजपासून रोज सांगलीतच वीस मिनिटं चालवू द्या. नोव्हेंबरला पाच आठवडे आहेत. दुखलं तर थांबा आणि डॉक्टरांना दाखवा.

चक्रधर | सकाळी ९:५५
ऑपरेटरला आत्ता मेल टाका. दांडा नसलेली सायकल आहे का, सीट किती खाली येते, शेवटी दुसरा गाइड असतो का, आणि आईंनी पुलावरून सायकल हातात धरून चालत यायचं म्हटलं तर ग्रुप थांबेल का. जुन्या सवयीने आई एका पॅडलवर पाय ठेवून, ढकलत ढकलत चढत असतील. मधे दांडा आला तर तिथेच पडतील. आणि पुढचा ब्रेक कुठल्या हाताला आहे ते निघण्याआधी उभ्याने दाबून बघायचं. आपल्यापेक्षा उलटा असू शकतो.

सध्या_हनोईत | सकाळी १०:१५
चक्रधरना पूर्ण अनुमोदन. शिवाय फक्त तुमच्या दोघींची खासगी टूर मागा, थोडे जास्त पैसे जातील. पोचल्यावर पहिल्या दिवशी पहाटे ताय हो तळ्याच्या काठाने अर्धा तास चालवून बघा, तेव्हा तिथे गर्दी कमी असते. जमलं नाही तर टूरमध्ये पूल आणि बेट गाळून फुक तान, न्गॉक हा करा. तेही चांगले दोन तास जातील.

मुक्ता_सांगली | दुपारी १:२०
त्यांचं उत्तर आलं. दांडा नसलेली सायकल आहे, फोटो पाठवलाय. दोन गाइड देतील. पुलावर चालत गेलं तरी चालेल म्हणाले, बेटाच्या उतारावर गाइड आईची सायकल धरेल. खासगी टूर महाग आहे, तरी तीच घेतली. सवलत गेली.

शेजारच्या मुलीची सायकल आणून आई आत्ता गल्लीत चालवून आली. पहिल्या खांबापर्यंत मी मागून सीट धरली होती. दुसऱ्या खांबाशी ती म्हणाली, सोड आता.

नीलमोहर | दुपारी १:३१
किती छान! काकूंना सांगा होई आनलाही जा, वाफ्यातल्या भाज्या खूप आवडतील.

फिरस्ती_मीरा | दुपारी २:०५
खासगी टूरचे किती घेतले? आम्ही डिसेंबरमध्ये जातोय, बरोबर सात वर्षांचा मुलगा आहे. लहान मुलांसाठी मागे सीट देतात का? जरा लवकर सांगाल का?